गीता १८.६३ : रिकामं आसन



आजचा श्लोक : अध्याय १८, श्लोक ६३.

गीता संपत आली असताना भगवंत अर्जुनाला म्हणतात, गुपितातलं गुपित तुला सांगून झालं. आता त्याचा काही न वगळता विचार कर, आणि मग तुझ्या मनाला येईल ते कर.

मंडळी, गेले चार दिवस जे रोज वाचतायत त्यांना इथे ठेच लागायला हवी. मला तरी लागली. ५९व्या श्लोकात काय वाचलं आपण? अहंकाराने 'मी लढणार नाही' म्हणत असशील तर तो निश्चय फुकट आहे, तुझी प्रकृतीच तुला लढायला लावेल. ६०व्यात तेच आणखी कडक : मोहापायी जे करायचं नाही म्हणतोयस तेच तू परवश होऊन करशील, कारण तुझ्या स्वभावाने तुला बांधून ठेवलंय. ६१व्यात तर यंत्रच आलं. ईश्वर सगळ्यांच्या हृदयात बसलाय आणि यंत्रावर चढवल्यासारखं सगळ्यांना फिरवतोय. ६२व्यात, त्यालाच शरण जा. आणि ६३व्यात एकदम, आता तुझं तू ठरव!

यंत्रावर बसवलेल्या बाहुलीला कोणी 'हवं तिकडे फिर' असं म्हणतं का? माझा रोजचा धंदा प्रोग्राम लिहिण्याचा. आमच्याकडे तेच इनपुट दिलं तर तेच आउटपुट यायला हवं. नाही आलं तर त्याला आम्ही प्रोग्रामचं स्वातंत्र्य म्हणत नाही, काहीतरी बिघडलंय म्हणतो आणि रात्री उशिरापर्यंत शोधत बसतो. त्यामुळे ६१ आणि ६३ हे दोन श्लोक शेजारी शेजारी वाचताना माझ्यातला इंजिनिअर अस्वस्थ होतो. दोन्ही खरे कसे असतील?

या प्रश्नावर मोठमोठ्यांनी लिहिलंय. लोकमान्यांच्या गीतारहस्यात 'कर्मविपाक व आत्मस्वातंत्र्य' असं एक अख्खं प्रकरण आहे, दहावं. माणूस स्वतंत्र आहे का, यावरचं ते लिखाण मंडालेच्या तुरुंगात झालं हे लक्षात ठेवून ते वाचावं, वेगळीच मजा येते. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं, की देह, इंद्रियं, मन ही सगळी प्रकृतीच्या साखळीत अडकलेली आहेत. मोकळा आहे तो आत्मा, आणि त्याची प्रेरणा हळूहळू, अभ्यासाने या साखळीवर काम करते. पटतं. पण मला चित्र लागतं. डोळ्यांसमोर काही उभं राहिलं नाही तर माझ्या डोक्यात तत्त्वज्ञान टिकत नाही. आणि या श्लोकाचं चित्र मला एका परक्या पुस्तकात सापडलं, एका अशा जगात जे कधी अस्तित्वातच नव्हतं. तिथल्या एका डोंगरावर दगडाचं एक आसन आहे. आज त्याच्याविषयीच लिहिणार आहे. आपल्यातल्या सत्तरीपुढच्या वाचकांनी, विशेषतः काकू लोकांनी, थोडा धीर धरावा. नातवंडांना विचारलंत तर ती उड्या मारत सांगतील.

पुस्तक म्हणजे जे. आर. आर. टोल्किन यांचं 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'. टोल्किन (१८९२–१९७३) हे ऑक्सफर्डला जुन्या इंग्रजीचे प्राध्यापक, श्रद्धेने कॅथलिक. पुस्तक १९५४ आणि १९५५ साली तीन भागांत आलं. गोष्ट अगदी थोडक्यात : सॉरॉन नावाच्या दुष्टाने एक अंगठी घडवली, तिच्यात स्वतःची बरीचशी ताकद ओतली, आणि ती त्याच्या हातून गेली. अंगठीचा गुण असा, की ती ज्याच्याजवळ असते त्याची इच्छा ती हळूहळू आपल्या ताब्यात घेते. जबरदस्ती करत नाही, त्याला वाटत राहतं की हे माझंच मन बोलतंय. ती नष्ट करायची तर जिथे घडली त्याच ज्वालामुखीत टाकायला हवी, आणि तो आहे शत्रूच्या मुलखात, मॉर्डोरमध्ये. हे काम येतं फ्रोडो नावाच्या एका ठेंगण्या, घरकोंबड्या, पोटभर जेवणाऱ्या माणसाकडे. माणूस म्हटलं खरं, पण तो हॉबिट जातीचा. ते असो.

काम येतं कसं हेही बघण्यासारखं आहे. मोठी सभा भरलेली असते, राजे, योद्धे, ज्ञानी सगळे बसलेले. कोणी नेणार? सगळे गप्प. शेवटी फ्रोडो म्हणतो मी नेतो, आणि ते म्हणताना त्याचं त्यालाच नवल वाटतं, जणू त्याचा बारीक आवाज दुसऱ्याच कोणाची तरी इच्छा वापरत होती. मग सभेचा यजमान एलरॉन्ड त्याला दोन गोष्टी एका दमात सांगतो. हे काम तुझ्याच नावाने लिहिलेलं आहे असं मला वाटतं. पण ओझं इतकं जड आहे की कोणी ते दुसऱ्यावर घालू शकत नाही, आणि मीही घालत नाही. तू होऊन घेतलंस तर मात्र मी म्हणेन की तुझी निवड बरोबर आहे. लिहिलेलंही आहे आणि होऊन घ्यायचंही आहे. आपले ६१ आणि ६३ झाले की नाही एका वाक्यात?

आता त्या डोंगराकडे येतो.

आठ जणांची तुकडी महानदीतून होड्यांनी दक्षिणेकडे निघालेली असते. वाटेत नदीच्या दोन्ही काठांवर दोन प्रचंड पुतळे लागतात, आर्गोनाथ. जुन्या राजांचे पुतळे ते, एका हातात कुऱ्हाड आणि दुसरा हात समोर, पंजा बाहेर, 'थांब' म्हणावं तसा. होड्या त्यांच्या पायांमधून जाताना सगळ्यांच्या माना आपोआप खाली जातात. सिनेमा ज्यांनी पाहिलाय त्यांना हे दृश्य नक्की आठवत असेल. स्मारक म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर असंच काहीतरी येतं. उंच, दुरून दिसणारं, आपल्याला लहान करणारं. ते हुकूम देतं, आणि आपण मान खाली घालतो.

त्या पुतळ्यांच्या पुढे सरोवर लागतं आणि सरोवराच्या शेवटी, राउरोस धबधब्याच्या अगदी वर, तीन शिखरं. मधलं पाण्यातलं बेट. पूर्व काठावर अमोन ल्हाव, म्हणजे ऐकण्याचा डोंगर. पश्चिम काठावर अमोन हेन, म्हणजे पाहण्याचा डोंगर. त्याच राजांनी या दोन डोंगरांवर उंच आसनं बांधली होती आणि तिथे पहारा असायचा. आता राजे गेले, पहारेकरी गेले. अमोन हेनवर उरलंय फरशी घातलेलं एक गोल अंगण, भोवती पडका कठडा, आणि मधोमध कोरीव चार खांबांवर एक आसन, वर चढायला पायऱ्या. कुठलीही मूर्ती नाही. बसणारा कोणी नाही.

हे आसन कोणी इच्छास्वातंत्र्याचं स्मारक म्हणून बांधलेलं नाही हे मला माहीत आहे. ती टेहळणीची जागा होती. पण तिथे जे घडतं ते वाचल्यापासून, 'माणूस स्वतंत्र आहे' या वाक्याला दगडात रूप द्यायचं असेल तर ते याहून वेगळं नसावं असं माझं मत झालंय. पुतळा उभारला की तो कोणाचा तरी होतो. रिकामं आसन कोणाचंही असू शकतं, आणि त्यावर बसल्यावर काय होईल हे आसन ठरवत नाही.

इथपर्यंत आल्यावर निर्णय टाळता येत नाही. धबधब्याच्या पुढे होड्या जात नाहीत. पूर्वेला मॉर्डोर, पश्चिमेला मित्रांचं राज्य, जिथे लढाई चालू आहे आणि मदत हवी आहे. तुकडीचा म्होरक्या अ‍ॅरागॉर्न फ्रोडोला सांगतो, की मी तुला सल्ला देऊ शकत नाही. वाट दाखवणारा गँडाल्फ आधीच हरवला होता, पण तो आज असता तरी निवड तुझ्यावरच येऊन थांबली असती, असं अ‍ॅरागॉर्नला वाटतं. वर तो म्हणतो, हेच तुझं प्राक्तन. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी तिथेच थांबलो. निवड करावी लागणं हेच नशीब! म्हणजे नशीब आणि निवड हे दोन पैलवान समोरासमोर उभे नाहीतच. एकाने दुसऱ्याला आखाड्यात आणून सोडलंय.

फ्रोडो एक तास मागतो. एकटाच झाडीत जातो. खरं तर त्याला उत्तर माहीत असतं, फक्त भीती वाटत असते. हे मला फार ओळखीचं वाटतं. अर्जुनालासुद्धा पहिल्या अध्यायात माहिती कमी नव्हती. मागून बोरोमिर येतो, तुकडीतलाच, शूर, आपल्या गावावर जीव असलेला. आधी गोड बोलतो, मग युक्तिवाद, मग विनवणी, आणि शेवटी अंगठी हिसकायला अंगावर धावतो. फ्रोडो जिवाच्या भीतीने अंगठी बोटात घालतो, अदृश्य होतो, आणि पळत पळत वर त्या आसनावर जाऊन बसतो.

अंगठी बोटात असताना त्या जागेवरून त्याला सगळं जग दिसतं. लांबलांबचे मुलूख, आणि जिकडे पाहावं तिकडे युद्धाची हालचाल. इथे मला एक गोष्ट खटकायची, आता आवडते. सगळं दिसल्याने तो मोकळा होत नाही, उलट अडकतो. आम्ही ऑफिसात नेहमी म्हणतो, डेटा आणा, डेटा पुरेसा असला की निर्णय आपोआप होतो. होत नाही हो. फ्रोडोसमोर अख्ख्या जगाचा डॅशबोर्ड उघडलाय आणि तो तिथे एखाद्या चुकलेल्या पोरासारखा बसलाय. अर्जुनाने तर अकराव्या अध्यायात विश्वरूप पाहिलं. त्यानंतरही सात अध्याय लागले.

मग शत्रूच्या बुरुजातला तो डोळा जागा होतो. कोणीतरी आपल्याकडे पाहतंय हे त्याला कळतं आणि तो शोधायला लागतो. अंगावर येणाऱ्या कंदिलाच्या झोतासारखी ती नजर एकेक डोंगर चाचपत जवळ येते. फ्रोडो आसनावरून खाली पडतो, डोकं झाकून घेतो. आणि स्वतःच्याच तोंडून त्याला ओरडणं ऐकू येतं. 'कधीच नाही' असं ओरडतोय, की 'येतो, तुझ्याकडेच येतो' असं? त्याला स्वतःला सांगता येत नाही.

मंडळी, मोहाचं इतकं खरं वर्णन मी फार कमी ठिकाणी वाचलंय. आपल्याला वाटतं मोह म्हणजे मला एक हवंय आणि मी दुसरं करतोय. त्याच्या पुढची पायरी ही आहे, की माझ्या तोंडून 'हो' निघतंय की 'नाही' हेच मला कळत नाही. ६०व्या श्लोकातलं परवश होणं ते हेच असावं.

तेवढ्यात मनात दुसरा एक विचार घुसतो. दुसऱ्याच दिशेने आलेला, खडसावणारा : काढ ती, आधी काढ! आता दोन ताकदी त्याच्यात झोंबतात. आणि एक क्षण असा येतो की दोन्ही अगदी तुल्यबळ होतात. त्या क्षणात, दोन टोकांच्या मध्ये ताणलेल्या फ्रोडोला अचानक स्वतःचं भान येतं. तो डोळाही नाही आणि तो आवाजही नाही. तो फ्रोडो आहे, मोकळा आहे, आणि ठरवायला त्याच्याजवळ एवढाच एक क्षण आहे. तो अंगठी काढतो. स्वच्छ उन्हात, आसनासमोर गुडघ्यांवर बसलेला असतो. वरून एक काळी सावली जाते, डोंगर चुकवून पश्चिमेला चाचपडते आणि विरते.

२००१च्या सिनेमात डोळा आहे, पण तो आवाज नाही. माझ्या मते तिथेच सगळं हुकलं. कारण तो आवाज कोणाचा हे पुस्तकात पुढच्या भागात कळतं, तेही ओझरतं. गँडाल्फ मेलेला नव्हता, म्हणजे मरून परत आला होता. तो दूर कुठल्यातरी उंच जागी बसून त्या वेळी त्या काळ्या बुरुजाशी झुंजत होता. फ्रोडोला हे माहीत नाही. ज्याने अंगावर घेतलं तो दिसतच नाही.

आता जरा गणित करू. तर्कशास्त्रात एक जुनं कोडं आहे, बुरिदानच्या गाढवाचं. दोन सारख्याच गवताच्या पेंढ्या, सारख्याच अंतरावर. गाढव कुठे जाणार? बरोबरी झाली तर ते उपाशी मरेल, असा तो युक्तिवाद. म्हणजे नुसती बरोबरी झाल्याने निर्णय होत नाही, नुसतं अडकणं होतं. फ्रोडो का अडकला नाही? कारण तो गाढव नव्हता, हे उत्तर विनोदी वाटलं तरी तेच बरोबर आहे. गाढवाच्या कोड्यात दोन पेंढ्या सोडून आत कोणीच नाही. फ्रोडोच्या बाबतीत दोन्ही ओढी फिटल्यावर खाली तिसरं काहीतरी उरतं, आणि ते म्हणजे तो स्वतः. ओढीच्या गदारोळात तो स्वतःलाच ऐकू येत नव्हता. एक ओढ दुसरीने फिटली तेव्हा ऐकू आला.

आणि अर्जुन शेवटी, ७३व्या श्लोकात, काय म्हणतो ते आठवा. माझा मोह गेला, मला स्मृती आली, संशय संपला, आता तू सांगतोस तसं करीन. त्यातली ती स्मृती! तो असं म्हणत नाही की मला नवीन माहिती मिळाली किंवा तुझा युक्तिवाद जिंकला. म्हणतो, आठवलं. आठवण्यासारखं आधीपासून काहीतरी होतं, ते झाकलं गेलं होतं. मला वाटतं ५९ ते ६१ हे श्लोक ज्याच्याबद्दल आहेत तो झाकलेला अर्जुन आहे. यंत्रावर तोच बसलाय. ६३वा श्लोक ज्याला उद्देशून आहे तो झाकण काढल्यावरचा. आणि झाकण काढायचं काम अठरा अध्याय भगवंत करत होते, गँडाल्फ त्या डोंगरावर करत होता तसं. त्यांनी अर्जुनाच्या वतीने ठरवलं नाही. ठरवता येईल एवढी जागा त्याला करून दिली आणि मग गप्प राहिले. कृपा या शब्दाचा अर्थ मी लहानपणापासून 'देवाने आपलं काम करून देणं' असा धरत आलोय, घरी नवस बोलायचे तेव्हाही तोच अर्थ असायचा. हा अर्थ त्याहून अवघड आहे. काम आपल्यालाच करायचंय, फक्त ते करू शकणारा 'मी' जागेवर असावा म्हणून दुसरं कोणीतरी झिजतंय.

हे सगळं मी पुस्तकी कौतुकाने लिहीत नाहीये. माझ्या आतेभावाची दारू सुटून आता सहा वर्षं झाली. (त्याला विचारूनच लिहितोय. नाव नको म्हणाला, बाकी लिही म्हणाला.) त्याआधीची दहा वर्षं आमच्या घरात हाच प्रश्न होता, फक्त त्याला श्लोकाचा नंबर नव्हता. त्याच्या हातात आहे की नाही? वडीलधारी म्हणायची, मनात आणलं तर आज सोडेल. डॉक्टर म्हणायचे, आजार आहे. दादाने दोनदा पांडुरंगाची माळ घातली आणि दोनदा काढली. आत्या एकदा मला म्हणाली, "त्याच्या हातात असतं तर त्याने माळ काढली असती का रे? आणि हातात नव्हतं तर मग मी त्याच्यावर रागावू कशाला?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. तो माळ काढून ठेवायचा ती जागा देवघरातली होती, एवढं फक्त मला दिसत होतं.

शेवटी एका व्यसनमुक्ती केंद्रात त्याला नेलं. तिथले समुपदेशक त्याला ग्लासाबद्दल फारसं विचारायचेच नाहीत म्हणे. कामावरून घरी कुठल्या रस्त्याने येतोस? शेवटचं कधी जेवलास? शुक्रवारी फोन कोणाचा येतो? दादा नंतर मला म्हणाला, "ग्लास समोर आला की मी नसायचोच रे. चार वाजता असायचो. चार वाजता मला कळायचं आज काय होणार आहे, आणि चार वाजता मी काहीतरी वेगळं करू शकायचो. सात वाजता नाही." केंद्रातलाच एक जण, स्वतः त्यातून बाहेर पडलेला, त्याला पहिलं वर्षभर रोज चारच्या सुमाराला फोन करायचा. पिऊ नकोस असं एकदाही म्हणाला नाही. "जेवलास का?" विचारायचा, क्रिकेटचं काहीतरी बोलायचा आणि ठेवायचा.

दादा अर्थातच टोल्किन वाचत नाही. पण मला अमोन हेन त्या चार वाजताच्या फोनमुळे समजला, हे मला सांगितलंच पाहिजे.

कारण फ्रोडोच्या गोष्टीत सात वाजतातच. त्या आसनानंतर साधारण महिन्याभराने तो खरोखर त्या ज्वालामुखीच्या काठावर पोचतो. उपाशी, तहानलेला, अंगठीच्या ओझ्याने पार संपलेला. शेवटचा चढ तर त्याचा मित्र सॅम त्याला पाठीवर घेऊन चढलेला असतो. आणि काठावर उभं राहून फ्रोडो अंगठी टाकत नाही. जे करायला आलो ते करायचं मी निवडत नाही, असं जाहीर करतो आणि अंगठी बोटात घालतो. 'निवडणं' हा शब्द तो नेमका अशा वेळी वापरतो जेव्हा निवडणारा आत शिल्लकच नाही. अनेक वाचक यावर नाराज झाले. टोल्किननी अशा वाचकांना पत्रं लिहून समजावलंय, की त्या जागी, इतक्या छळानंतर, अंगठीचा जोर शिगेला पोचलेला असताना नाही म्हणणं कोणालाच शक्य नव्हतं, आणि ते न जमणं हा फ्रोडोचा नैतिक पराभव मी मानत नाही. त्याने त्याच्याजवळ होतं ते सगळं खर्च केलं होतं.

मग अंगठी नष्ट कशी झाली? गॉलम नावाचा एक प्राणी, अंगठीने पूर्वीच पोखरलेला, फ्रोडोचं बोट चावून तोडतो, अंगठी मिळवतो आणि तोल जाऊन तिच्यासकट आगीत पडतो. आणि गॉलम तिथवर जिवंत का होता? कारण बिल्बोने पूर्वी एका गुहेत, फ्रोडोने वाटेत, आणि सॅमने अगदी त्याच डोंगराच्या उतारावर, मारता येत असताना त्याला मारलं नव्हतं. दया केली होती. तीन वेगवेगळे मोकळे क्षण, आणि त्या तिघांना तेव्हा त्याचा काही उपयोग दिसत नव्हता. फ्रोडो काठावर बांधलेला होता आणि तरी त्याच्या स्वतःच्याच जुन्या मोकळ्या क्षणाने त्याला सोडवलं. आपल्याकडे याला कर्मफल म्हणतात आणि बहुतेक वेळा शिक्षेच्या सुरात म्हणतात. दया केल्याचंसुद्धा फळ येतं, तेही आपण ते मागायच्या लायकीचे उरलेले नसताना, हे आपण का सांगत नाही कोण जाणे.

आत्याच्या प्रश्नाला आता मी काय म्हणेन? हातात होतं आणि नव्हतं, दोन्ही, पण एकाच वेळी नाही. घड्याळात बघावं लागतं. राग चार वाजताच्या दादावर करता येईल. सात वाजताच्या दादावर करून कोणाला ऐकू जाणार? हे उत्तर तिला पटेल असं मला वाटत नाही. ती आई आहे, तिने सातचाच दादा जास्त पाहिलाय.

एक शंका राहतेच, ती प्रामाणिकपणे मांडतो. आवाज फ्रोडोला मिळाला. फोन दादाला आला. ज्यांना येत नाही त्यांचं काय? ६१वा श्लोक म्हणतो ईश्वर सगळ्यांच्या हृदयात आहे, म्हणजे आवाजाची सोय सगळ्यांसाठी असली पाहिजे. पण केंद्रात दादाबरोबर दाखल झालेल्यांपैकी सगळे आज नाहीत. त्यांच्या हृदयात कोण बसलं होतं? मला हे सुटलेलं नाही. हरिपाठ म्हणताना मी तो प्रश्न बाजूला ठेवतो, आणि संपल्यावर तो परत तिथेच असतो.

जाता जाता माऊलींची एक गंमत. मूळ श्लोकात 'तुला हवं ते कर' म्हटल्यावर अर्जुन काय करतो हे सांगितलेलं नाही. ज्ञानेश्वरीत माऊलींनी ते भरून काढलंय. अर्जुन गप्प बसतो. काही बोलतच नाही. आणि मग वाढणाऱ्यापुढे भिडेने 'पोट भरलं' म्हणणाऱ्या भुकेल्या पाहुण्याचा दाखला येतो : उपाशीही तोच राहतो आणि दोषही त्याचाच. किती घरगुती आहे हे! जगातलं सर्वांत मोठं स्वातंत्र्य हातात ठेवलंय आणि अर्जुन पंगतीत लाजल्यासारखा बसलाय, आणि भगवंत हातात पळी घेऊन समोर उभेच आहेत, पुढच्या पानाकडे जात नाहीत.

उद्या ६४वा श्लोक. 'तू ठरव' म्हणून झाल्यावरही भगवंत पुन्हा बोलायला लागतात, आणि का, तर तू मला फार आवडतोस म्हणून. दोन-तीन जणांनी ६६व्या श्लोकाबद्दल विचारलंय, तो शनिवारी येईल.

राम कृष्ण हरी.